मंगळवार नसलेला देश

आमच्या देशात मंगळवार नव्हता. शुक्रवारही नव्हता. आणि पुनव म्हणाल तर तिला आम्ही वेशीच्या आतसुद्धा येऊ देत नव्हतो. हे कुणाला सांगितलं की लोक हसतात, आणि माझं नाव मंगल आहे हे कळल्यावर आणखी हसतात. हसू देत. तुळजापुरात पुजाऱ्याच्या घरी ज्यांचं लहानपण गेलंय त्यांना विचारा मंगळवार म्हणजे काय चीज असते ते. बाकीच्या जगाला सणवार म्हणजे सुट्टी, नवे कपडे, गोडधोड. आम्हाला सणवार म्हणजे दुसऱ्यांच्या गोडधोडाची तयारी. आमचे आण्णा देवीचे पुजारी. सोलापूर, बार्शी, लातूरकडची कितीतरी घराणी पिढ्यान् पिढ्या आमच्याकडं उतरायची. सोमवारी संध्याकाळपासून माणसं यायला लागायची ती मंगळवारी नैवेद्य होईपर्यंत. गुरुवारी संध्याकाळी पुन्हा तेच. पुनवेला तर अंगणात, ओसरीवर, जिन्याच्या पायऱ्यांवरसुद्धा माणसं निजलेली असायची, आणि आम्हा पोरांना पाय ठेवायला जागा शोधत मोरीपर्यंत जावं लागायचं.

या सगळ्यांसाठी लागणाऱ्या गाद्या, वाकळा, सतरंज्या आमच्या माळ्यावर रचून ठेवलेल्या असायच्या. गुंडाळून, सुतळीनं बांधून, आढ्यापर्यंत. त्या वळकट्यांच्या मधे मी आणि माझा थोरला भाऊ विलास यांनी एक देश वसवला होता. त्याचं नाव वळकटनगर. निळ्या गादीचा डोंगर, दोन सतरंज्यांमधली खिंड, वाकळांचं पठार, आणि कोपऱ्यात चिंचेच्या मडक्यांची राजधानी. विलास राजा आणि मी बाकी सगळं, म्हणजे प्रधान, सेनापती, प्रजा आणि गुन्हेगार. तिथं कापसाचा, चिंचेचा आणि उन्हानं तापलेल्या पत्र्याचा वास यायचा. खाली रस्त्यावरून संबळ वाजत जायचा, कुठंतरी 'उदो उदो' व्हायचं, आणि वर आम्ही दोघं राज्यकारभारात गुंतलेलो असायचो. पण सोमवार उजाडला की आई शिडी लावायची आणि आमचा देश उचलून खाली न्यायची. डोंगर सुटायचे, पठार उलगडायचं, आणि राजधानीच्या चिंचेतली मूठभर चिंच आमटीत जायची. मंगळवारी आमच्या पर्वतरांगांवर बार्शीकडची माणसं घोरत पडलेली असायची. आता सांगा, देशच जाग्यावर नसेल त्या दिवशी देशात कुठला वार असणार?

तेव्हा विलासनं ठरवलं की आपलं पंचांग आपण करायचं. त्यानं जुन्या दिनदर्शिकेचं एक पान उलटं करून मागच्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलीनं चौकोन आखले. महिने नऊ, कारण चौकोन नऊच मावले. आठवड्याचे दिवस पाच: ताकवार, दळणवार, शेंगवार, गोष्टवार आणि आळसवार. आळसवारी कुणी कुणाला हाक मारायची नाही असा कायदा होता. चांदाची व्यवस्था मी केली होती, अजून मला तिचा अभिमान वाटतो. आमचा चांद चौदाव्या रात्रीपर्यंत वाढायचा, पुनव समोर दिसली की थबकायचा आणि आल्या वाटेनं मागं फिरायचा. नववा महिना निजेचा. वर्षातनं तीन वेळा आमच्या देवीला मंचकावर निजवतात, हे तुळजापुरात शेंबडं पोरही सांगेल. देवी निजू शकते तर देशानं का निजू नये, असा विलासचा सवाल होता. निजेच्या महिन्यात शाळा नाही, पाणी भरणं नाही, आणि कुणी रागावलं तर ते धरायचं नाही.

सगळं छान चाललं होतं. एके दिवशी विलासनं चौकोन मोजता मोजता माझ्याकडं बघितलं आणि म्हणाला, "मंगे, तू मंगळवारी जन्मलीस ना? म्हणूनच तुझं नाव मंगल ठिवलंय. मंगळवारच न्हाई तर मग तू जन्मलीसच न्हाईस." मी असा काही सूर लावला की खालून आईनं विचारलं, विंचू चावला का. खोटं कशाला सांगू, आज साठी ओलांडली तरी ते वाक्य मी विसरलेली नाही. विलासलाही वाईट वाटलं असावं, कारण दुसऱ्या दिवशी तो कुंकवाच्या दुकानातनं एक रिकामा पत्र्याचा डबा घेऊन आला. पुठ्ठ्याचे तुकडे कापले, एकेकावर 'मंगळवार', 'शुक्रवार', 'पुनव' असं लिहिलं आणि डब्यात टाकले. "हे उरलेले दिवस," तो म्हणाला. "आपण त्यांना मारलेलं न्हाई, नुस्तं बाजूला ठिवलंय. ज्याला लागंल त्यानं एक काढून घ्यायचा. तो दिवस मग त्याचा. त्या दिवशी त्याला कुणी काय सांगायचं न्हाई." माझ्या जन्माचा मंगळवार त्यानं सगळ्यात वर ठेवला. राजा म्हणून तो बरा होता.

आता आईविषयी. माझी आई लोहाऱ्याच्या पुढच्या एका खेड्यातली. तिकडं कानडी जवळ, म्हणून ती स्वतःच्या आईला अव्वा म्हणायची आणि आम्हीही आजीला अव्वाच म्हणायचो. आईचं लग्न झाल्यापासून तिचे सगळे दिवस उतरायला येणाऱ्या यजमानांच्या हातात. सोमवारी डाळ भिजवायची, मंगळवारी पहाटे पुरण शिजवायचं, बुधवारी वाकळा उन्हात टाकायच्या, गुरुवारी पुन्हा डाळ. तिच्या हाताला कायम वेलदोड्याचा वास यायचा. पुरणपोळी लाटताना ती गुणगुणायची, आणि पोळी फुगली की तिच्याकडं बघून "शाणी माझी बाय" म्हणायची. आम्हाला ती असं कधी म्हणत नसे, म्हणून मला त्या पोळ्यांचा राग यायचा. माहेरी ती दिवाळीनंतर जायची, तेही शनिवारी जाऊन सोमवारी परत. अव्वा शेजारणीला सांगायची म्हणे, "माझी लेक देवीकडं हाय. मंगळवारी ती मला मेलेली."

त्या साली पाडवा झाला आणि दुसऱ्याच दिवशी मामाचं कार्ड आलं. अव्वा अन्न घेत नाही, कुणाला ओळखते, कुणाला नाही, ताई, तुझी आठवण काढते, जमलं तर येऊन जा. आई परातीतली डाळ निवडत होती. तिनं कार्ड दोनदा वाचलं आणि डाळीच्या कडेला ठेवलं. आण्णा देवळातून आल्यावर तिनं ते त्यांच्यापुढं धरलं. आण्णा काही वाईट माणूस नव्हते, हे मला इथं ठामपणे लिहायचं आहे. त्यांनी कार्ड वाचलं, कपाळावरचा मळवट पुसला आणि म्हणाले, "मंगळवारी सोलापूरची मंडळी येणारेत, चाळीस पान हाय. पुढं चैताची पुनव. तेवढी पुनव होऊ दे, मग चार दिवस निवांत जा. मी सोता सोडायला येतो." आईनं मान हलवली आणि डाळ निवडायला घेतली. त्यानंतर दोन दिवस तिचं गुणगुणणं बंद होतं. घरात गुणगुणणं बंद झालं की कसं वाटतं हे मला त्या दोन दिवसांत कळलं.

सोमवारी दुपारी ती वळकट्या उतरवायला माळ्यावर आली. आम्ही दोघं आत दडून बसलो होतो. निळी गादी ओढली तसं नुकतंच भिंतीवर चिकटवलेलं आमचं पंचांग उघडं पडलं. आता पाठीत बसणार म्हणून मी डोळे मिटले. पण आई ते वाचायला लागली, बोट फिरवत, चौकोनामागून चौकोन. "आळसवार," ती वाचत म्हणाली. मग म्हणाली, "ह्याच्यात मंगळवार कुठाय?" विलासनं भीतभीत सगळं सांगितलं. पुनव का नाही, चांद मागं कसा फिरतो, डब्यात काय आहे. मला वाटलं ती हसेल. ती गादीवर टेकली आणि विचारलं, "हे उरलेले दिवस कुणालाबी मिळतेत व्हय?"

"न्हाई," विलास म्हणाला. राजेपणा त्याच्या अंगात आला होता. "आधी वळकटनगरचं व्हावं लागतं. गादीवर आडवं व्हायचं आणि शंभर म्हणूस्तवर काय म्हंजे काय करायचं न्हाई."

"एवढंच?" आई म्हणाली. तिनं खोचलेला पदर सोडला आणि निळ्या डोंगरावर आडवी झाली. विलासनं मोजायला सुरुवात केली. तीस व्हायच्या आतच आईचा डोळा लागला. आम्ही आईला दिवसा निजलेलं कधी बघितलं नव्हतं. तोंड थोडं उघडं, हात पोटावर, बोटांना डाळीची पिवळी धूळ. निजलेली आई लहान दिसत होती, माझ्या शाळेतल्या मोठ्या मुलींएवढी. विलासचा आवाज आपोआप खाली आला. शंभर झाले तरी आम्ही तिला उठवलं नाही. खालून कुणीतरी हाक मारली तेव्हा ती दचकून उठली, केस सारखे केले, आणि म्हणाली, "झाले का रं शंभर? आन डबा." तिनं वरचाच तुकडा घेतला. माझा जन्माचा मंगळवार. विलासनं माझ्याकडं बघितलं, आणि मी मानेनं 'घेऊ दे' म्हणाले. माझ्या आयुष्यात मी जे काही थोडंफार दान केलं असेल त्यात ते पहिलं.

संध्याकाळी आण्णा चहाला बसले तेव्हा आईनं कपबशीशेजारी तो पुठ्ठ्याचा तुकडा ठेवला. "उद्याचा दिवस मी घेतला," ती म्हणाली. "पहिल्या गाडीनं जाते, संध्याकाळी येते. डाळ भिजवलीय, पहाटं पुरण शिजवून, वाटून ठिवते. पोळ्या तेवढ्या बघा."

आण्णांनी तुकडा उलटापालटा केला. "हे काय हाय?"

"पोरांच्या देशातला मंगळवार. त्यांच्यात तो न्हाई, म्हणून मला दिला."

आम्ही दाराआड. विलासनं माझा हात इतका घट्ट धरला होता की बोटं बधिर झाली. आण्णांचा आवाज चढला. "पोरांच्या खेळावर तू घर सोडून चाललीस? उद्या चाळीस माणसं दारात हायत. काय सांगू त्यांना?"

आई त्यांच्यासमोर खाली बसली. तिचा आवाज चढला नाही, हेच मला भीतीदायक वाटलं होतं. "खेळच हाय तो, मला कळतं. पण त्या खेळात मला एक दिवस हाय. तुमच्या पंचांगात माझा दिवस कुठाय, तेवढा दाखवा. मी न्हाई जात."

भिंतीतल्या देवळीच्या खाली खिळ्याला आण्णांचं पंचांग लटकत होतं, कडा हळदीनं पिवळ्या झालेल्या. आण्णांनी त्याच्याकडं बघितलं. उठून ते काढावं असं त्यांना वाटलं असावं, पण ते उठले नाहीत. चहा संपवला, तुकडा आईकडं सारला आणि बाहेर गेले.

मंगळवारी पहाटे चौघडा वाजत असतानाच आई गेली. नळदुर्गला गाडी बदलून लोहारा, आणि पुढं दोन कोस पायी. घरात वाटलेल्या पुरणाचं भलंमोठं पातेलं, मळलेली कणीक, आणि आम्ही तिघं. आण्णांचे हात देवीला महावस्त्र नेसवण्यात तरबेज. निऱ्या अशा घालायचे की बघणाऱ्यानं बघत राहावं. पण पोळपाटापुढं बसल्यावर त्या हातांना काही सुचेना. त्यांची पहिली पोळी तव्यावर टाकताच फुटली. दुसरी मी लाटली ती पोळपाटालाच चिकटली. विलास चुलीत फुंकर घालून घालून लाल झाला होता, आणि घरभर जळक्या पुरणाचा धूर. तेवढ्यात सोलापूरची मंडळी आली. त्यांच्यातल्या थोरल्या काकू, नाकात मोठी नथ, सरळ स्वयंपाकघरात आल्या आणि बघतच राहिल्या.

"पुजारीबुवा, वैनी कुठायत?"

"माहेरी गेलीय," आण्णा खाली बघून म्हणाले. "तिची आई आजारी हाय. मी म्हणलो व्हतो पुनवेनंतर जा, तुमी येणार म्हणून."

"आमच्यासाठी?" काकूंनी पदर खोचला. "बुवा, आईनं आमाला बोलवलं म्हणून आमी आलाव, आन तुमी त्या बाईला तिच्या आईकडं जाऊ देत नव्हता व्हय? सरका तिकडं." मग सुना पुढं आल्या. कुणी लाटायला, कुणी भाजायला, कुणी तूप लावायला. चूल रसरसली, पोळ्या टम्म फुगल्या, आणि त्या बायका एकमेकींची अशी काही थट्टा करत होत्या की आमचं घर नसून लग्नघर वाटावं. दुपारच्या आत नैवेद्य गेला. पंगतीला वाढायला आण्णा स्वतः फिरले, आणि प्रत्येकीला दोनदा आग्रह केला. मी तेव्हापासून आजपर्यंत हजारभर पोळ्या लाटल्या असतील, पण काकूंनी त्या दिवशी माझा हात धरून लाटवून घेतलेली पोळी अजून आठवते. एका कडेला जाड होती.

दिवेलागणीला आई परत आली. पायावर धूळ, हातात अव्वानं दिलेली शेंगांची पुरचुंडी. आण्णा ओसरीवर होते. त्यांनी पाण्याचा तांब्या पुढं केला. ती पाणी प्याली आणि आपणच सांगायला लागली. अव्वानं ओळखलं. हाताला हात लावून वास घेतला आणि वेलदोड्यावरून ओळखलं. "मग मला म्हणाली, आज मंगळवार न्हवं का गं? तू कशी आलीस? कुणी मेलं का तिकडं? मी म्हणलं, न्हाई अव्वा, आज मंगळवार न्हाई. माझ्या पोरांच्या देशात मंगळवार नसतोय. तर हसली. दात न्हाई एक, पण लई हसली. म्हणली, असला देश आमच्या वक्ताला पायजे व्हता. मग दोन घास भात खाल्ला माझ्या हातनं." एवढं सांगून आई उठली, माळ्याच्या शिडीशी आली आणि विलासला म्हणाली, "घ्या राजे तुमचा दिवस. पुरला मला." तुकडा तिच्या घामानं मऊ झाला होता.

गुरुवारी अव्वा गेली. शुक्रवारी सकाळी गावाकडचा माणूस सांगायला आला तोवर त्यांनी सगळं उरकलं होतं. उन्हाळ्याचे दिवस, थांबणार किती. आई तीन दिवस सुतकात बाजूला बसली, आणि चौथ्या दिवशी न्हाऊन चुलीपुढं बसली. दहावा कधी येतो हे तिनं बोटांवर मोजलेलं मी बघितलं. मोजून झाल्यावर तिनं बोटं मिटली आणि पीठ चाळायला घेतलं. दहावा येत होता पुढच्या शनिवारी. आणि त्याच शनिवारी चैताची पुनव. ती आण्णांना एका शब्दानं काही म्हणाली नाही. मला मात्र म्हणाली होती, मी विचारल्यावर, "माझा दिवस मी घेतला बाई. सारखंसारखं मागायचं नसतं."

विलास आता पुण्यात असतो, निवृत्त आहे, गुडघे दुखतात म्हणून कुरकुरतो. दर मंगळवारी सकाळी त्याचा फोन येतो. "मंगे, आज वार कुठला गं?" आणि मी म्हणायचं, "आज वार न्हाई." एवढं बोलून आम्ही मग नातवंडांवर येतो. परवा त्यालाच विचारलं की पुनवेच्या आदल्या त्या शुक्रवारचं तुला काय आठवतं. म्हणाला, आढं. आण्णा बघत होते ते आढं. मलाही तेच आठवतं.

पुनवेच्या आदल्या दिवशी, शुक्रवारी दुपारी, घर गच्च भरलं होतं. सगळ्या गाद्या, वाकळा, सतरंज्या खाली गेल्या होत्या. माळा उघडा, नुसती धूळ आणि चिंचेची मडकी. देश नव्हता, तरी सवयीनं आम्ही तिथं जाऊन बसलो होतो. शिडी करकरली. वाटलं आई असेल. वर आले ते आण्णा, कपाळावर मळवट, अंगावर देवळातलं सोवळं. ते माळ्यावर आलेले आम्ही त्याआधी कधी बघितले नव्हते. वाकून, डोकं सांभाळत ते आत आले आणि भिंतीवरच्या आमच्या पंचांगासमोर उभे राहिले. बराच वेळ वाचत होते. मग विलासकडं वळले.

"आडवं व्हायचं असतंय म्हणं. शंभर म्हणूस्तवर."

"आण्णा, गाद्या न्हाईत आज," विलास म्हणाला.

"असू दे," म्हणत आण्णा तसेच त्या धुळीत उताणे झाले. सोवळ्यासकट. हात छातीवर घेतले आणि स्वतःच मोठ्यानं मोजायला लागले. खाली माणसांचा गलका, कुणाचं पोर रडत होतं, कुणी "बुवा कुठायत, बुवा" म्हणून हाका मारत होतं. आण्णांनी ओ दिली नाही. साठ झाले, सत्तर झाले. नव्वदच्या पुढंही त्यांनी एकही आकडा गाळला नाही. शंभर झाले तरी ते उठले नाहीत.

"पुनवेनंतर जा म्हणलो व्हतो मी तिला," ते आढ्याकडं बघत म्हणाले.

खालची हाक पुन्हा आली. आण्णांनी पडल्यापडल्याच हात पुढं केला, तळवा वर करून. "दोन दे. उद्याच्या दहाव्याला. एक तिला, एक मला. देवळातलं चुलतभाऊ बघतोय, त्याला सांगून आलोय."

विलासनं डबा उघडला. पुनव लिहिलेले दोन तुकडे शोधले आणि त्यांच्या हातावर ठेवले.